राखाई जाळते ते ठीक, पण ठेवते काय?

मागच्या अंकात कथेसाठी नवं दैवत रचण्याबद्दल मी चार ओळी लिहिल्या होत्या, त्यावर इतकी पत्रं आणि मेसेज आले की या वेळचं सगळं सदर त्यालाच दिलंय. त्यातही बहुतेकांना प्रलयाचाच देव हवाय हे बघून मला फार आनंद झाला, कारण हा माझा अगदी जिव्हाळ्याचा विषय आहे.

ताई, आमचा कॉलेजचा ग्रुप यंदा पुरुषोत्तम करंडक स्पर्धेसाठी एकांकिका लिहितोय. त्यात मी एक देवी तयार केलीये, राखाई. युग संपलं की ती सगळं विश्व जाळते आणि राखेतून नवीन बनवते. ती सर्वशक्तिमान आहे, तिला जन्म नाही मरण नाही. पण वाचन केलं तेव्हा सगळे म्हणाले भारी आहे पण कंटाळा येतो, आणि एक जण तर म्हणाला हा साडी नेसलेला शंकर आहे. नक्की काय कमी पडतंय?
– एक विद्यार्थिनी, कर्वे रोड

नाव मला फार आवडलं. यमाई, जानाई, मरीआईच्या शेजारी बसवलं तरी उपरं वाटणार नाही असं नाव आहे. आणि त्या मित्राचं मनावर घेऊ नकोस, जाळणारा देव म्हटलं की आपल्याकडे शंकर आठवणारच.

अडचण वेगळीच आहे. तू पाठवलेला भाग मी नीट वाचला, त्यात राखाई काय काय जाळते याची पानंच्या पानं आहेत, डोंगर, समुद्र, तारे, नक्षत्रं सगळं आलंय, आणि राखेतून नवं जग कसं होतं याला मात्र फक्त एक वाक्य, "आणि मग पुन्हा पहाट होते". प्रेक्षक तुझ्या हातून तिथेच सुटतो. सगळंच जळणार आणि सगळंच आपोआप परत येणार असेल तर त्या बिचाऱ्याने जीव कुणात गुंतवायचा?

जुन्या लोकांनी काय केलंय बघ. शतपथ ब्राह्मणात मनूची गोष्ट आहे. सकाळी हात धुवायला पाणी आणलंय, त्या पाण्याबरोबर हातात एक बारका मासा येतो आणि म्हणतो मला सांभाळ, मी तुला वाचवेन. मग तो आधी घागरीत, मग खड्ड्यात, मग समुद्रात, आणि पूर येतो तेव्हा नावेचा दोर त्याच माशाच्या शिंगाला. प्रत्यक्ष पूर तिथे एखाद-दोन वाक्यांत उरकलाय! नंतर मनू एकटा उरतो आणि पाण्यात तूप, दही, ताक यांची आहुती देतो आणि वर्षभराने त्यातून एक बाई उभी राहते, इडा, आणि तिच्यापासून पुढची सगळी माणसं. म्हणजे पुढचं सगळं जग एका माणसाकडे उरलेल्या दह्या-तुपातून आलं. मला हे सातही समुद्र उसळण्यापेक्षा मोठं वाटतं.

महाभारताच्या वनपर्वात मार्कंडेय आहे. सगळीकडे नुसतं पाणी, एकटा ऋषी भटकतोय, आणि अचानक एक वडाचं झाड आणि त्याच्या फांदीवर एक लहान पोर. ते पोर त्याला गिळतं, आणि आत जाऊन बघतो तर काय, नद्या, शहरं, माणसं, सगळं जग तिथे जसंच्या तसं चालू आहे, शंभराहून जास्त वर्षं हिंडला तरी त्याला त्या पोटाचा अंत लागत नाही. तुम्ही पुण्यात आहात म्हणून सांगते, लॉ कॉलेज रोडला भांडारकर संस्था आहे तिथे १९१९ पासून १९६६ पर्यंत महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचं काम चाललं, देशभरातून हस्तलिखितं मिळवून एकेक श्लोक ताडून बघायचा. कसर लागलेल्या, अर्धवट राहिलेल्या पोथ्यांमधून एक ग्रंथ परत उभा करणं हे तुझ्या राखाईचंच काम झालं की. एकदा सगळा ग्रुप घेऊन जा.

आणि हे फक्त आपल्याकडे नाही. उत्तर युरोपातल्या लोकांच्या गोष्टीत रॅग्नारोक होतो, देव मरतात, पृथ्वी समुद्रात बुडते, आणि ती परत हिरवीगार वर येते तेव्हा वाचलेल्या देवांना गवतात काय सापडतं, तर आधीचे देव ज्यांनी पट खेळायचे त्या सोन्याच्या सोंगट्या. बस, एवढंच. मेक्सिकोच्या गोष्टीत आधीचे चार सूर्य, म्हणजे चार युगं, संपलेत, आपण पाचव्यात राहतो, आणि केत्सालकोआत्ल नावाचा देव पाताळात जाऊन मागच्या जगातल्या माणसांची हाडं आणायला बघतो, पळताना पडतो, हाडं मोडतात, म्हणून माणसं लहानमोठी झाली म्हणे, आणि मग एक देवी ती हाडं पाट्यावर दळते आणि देव त्यात स्वतःचं रक्त मिसळतात. दळते! हा शब्द आला की देवी एकदम खरी होते, कारण दळणारी बाई आपण सगळ्यांनी पाहिली आहे, निदान आजीकडून ऐकली तरी आहे.

तर मुख्य सांगायचंय ते हे की राखाई काय जाळते ते बाजूला ठेव आणि आधी ठरव की ती काय मागे ठेवते, किती ठेवते, आणि ते सांभाळायला कुणाला देते. देवी तिथे घडते.

आता तू राख निवडली आहेसच तर राखेकडे जरा बघ. आपल्याकडे बायका रात्री चुलीतला निखारा राखेखाली झाकून ठेवायच्या म्हणजे सकाळी विस्तव मागायला शेजारी जावं लागू नये. वालाचं, भाज्यांचं बियाणं किडू नये म्हणून राखेत घोळवून ठेवतात, अजूनही ठेवतात. राखेने भांडी घासायची. होळी पेटवायची, दुसऱ्या दिवशी तिच्या विस्तवावर तापवलेल्या पाण्याने अंघोळ करायची आणि धुळवडीला तीच राख अंगाला लावायची. म्हणजे तुझ्या देवीची सगळी पूजा आपल्या घरांमध्ये आधीच तयार आहे, तुला एकही मंत्र बनवायला नको. जी देवी बियाणं राखेत घोळवून कणगीत ठेवते आणि मग शेत पेटवते ती कुठल्याही डोळ्यांत-दोन-सूर्य देवीपेक्षा जास्त भीती घालेल, कारण तिला माहितीये काय ठेवायचं आणि काय नाही, आणि आपल्याला माहीत नाही की आपण कुठल्या ढिगात आहोत.

दुसरं म्हणजे तिला मर्यादा दे. सर्वशक्तिमान कॅरॅक्टरचं नाटक होत नाही. इजिप्तची सेखमेत घे, सिंहिणीच्या तोंडाची, तिला माणसांना शिक्षा करायला पाठवलं तर ती थांबेचना, शेवटी देवांनी सात हजार घडे बिअर लाल रंगवून शेतात ओतली, ती रक्त समजून प्यायली आणि झोपली, म्हणून आपण वाचलो. आपल्याकडे काली थांबते ती पायाखाली शंकर आल्यावर. प्रत्येक ठिकाणी तिला थांबवणारं काहीतरी आहे. राखाईला काय थांबवतं? कणगी भरेपर्यंत तिला काडी पेटवता येत नाही असा नियम केलास तर बघ काय होतं, गावातल्या लोकांना कणगी कधी भरूच नये असं वाटायला लागेल, कुणी रात्री जाऊन मूठभर काढून घेईल, कुणी म्हणेल माझ्या पोराचं नाव आधी टाका आत. आता भांडायला माणसं आली, एकांकिका सुरू झाली.

आणि पुण्यात बसून प्रलयावर लिहिताय तर पानशेत विसरून कसं चालेल? १२ जुलै १९६१. धरण खचतंय हे कळल्यावर लष्कराच्या जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचून ते धरून ठेवलं, म्हणून ते रात्री झोपेत न फुटता सकाळी फुटलं, मग त्या लोंढ्याने खडकवासलाही गेलं, आणि नदीकाठच्या पेठा पाण्याखाली. ते काही तास मिळाले म्हणून किती माणसं वाचली! पुढे पूरग्रस्तांसाठी नव्या वसाहती झाल्या, शहर बाहेर पसरलं, आणि जुन्या पुणेकरांच्या बोलण्यात अजून "पानशेतच्या आधी" आणि "पानशेतच्या नंतर" असे दोन काळ आहेत. तुमच्या ग्रुपमध्ये कुणाचे तरी आजी-आजोबा त्या वेळी पेठेत असतील, त्यांना विचारा की घर सोडताना हातात काय घेतलं होतं. पूर कसा आला ते ते सांगतीलच, पण तुम्ही मुद्दाम हे विचारा, आणि चिखल काढताना काय सापडलं ते विचारा. राखाईच्या कणगीत काय असावं ते तुम्हाला तिथे मिळेल.

माझा मुलगा नववीत आहे. मित्रांबरोबर खेळायला त्याने एक खेळ बनवलाय, त्यात स्वतःचा प्रलयदेव आहे, त्याची आरतीसुद्धा लिहिली आहे. माझ्या आईला हे अजिबात आवडलेलं नाही, ती म्हणते देवाची थट्टा नको. मी मध्ये अडकलोय.
– एक वडील, धायरी

आईंचं म्हणणं मला समजतं, आणि ते झटकून टाकू नका. पण मुलाने थट्टा केली आहे असं मला तुमच्या पत्रावरून तरी वाटत नाही, जो मुलगा बसून आरती लिहितो तो मनापासूनच करतोय.

नवी दैवतं आपल्याकडे सतत येत आलीत हो. संतोषी माता घराघरात गेली ती १९७५ च्या सिनेमानंतर, त्याआधी तिला ओळखणारे फार कमी होते, आणि म्हणून तिचे शुक्रवार करणाऱ्या बायकांची श्रद्धा काही खोटी ठरत नाही. २०२१ मध्ये कोइमतूरला कोरोना देवीची मूर्ती बसवून पूजा झाली. आपल्याकडे पटकी आली की मरीआईचा गाडा गावाच्या शिवेबाहेर नेऊन सोडायचे. ज्याची भीती वाटते त्याला नाव दिलं, चेहरा दिला, की त्याच्याशी बोलता येतं, विनवणी करता येते, जा बाई आता म्हणता येतं. तुमचा मुलगाही तेच करतोय असं मला वाटतं. या वयाची पोरं जगबुडीबद्दल आपल्याला वाटतं त्यापेक्षा खूप विचार करतात, लॉकडाऊन त्यांनी लहानपणी बघितलाय.

एक पथ्य मात्र पाळायला सांगा. लोक आज ज्याची पूजा करतात त्याच्या खुणा उचलून खेळात वापरायच्या नाहीत. पोतराज कोरडे ओढतो, मरीआईवाली बाई डोक्यावर देव्हारा घेऊन फिरते, ती खरी माणसं आहेत, त्यांचं पोट त्यावर आहे आणि त्यांनी या समाजाकडून खूप अवहेलना सोसली आहे, त्यांचा वेश गंमत म्हणून नको. आणि आरती चालू आरतीच्या चालीवर असेल तर चाल बदलायला सांगा, आजींना बहुतेक तिथेच टोचलं असेल. मग मुलाला आजींकडे पाठवा की तुझ्या लहानपणी गावात गाडा कसा निघायचा ते सांग. त्या सांगतील आणि रंगून सांगतील.

माझ्या कादंबरीत विश्व ठरावीक वर्षांनी नष्ट होतं. आकडा किती ठेवावा? आपल्या पुराणातला घेऊ का?
– एक आयटीवाला, हिंजवडी

पुराणातला आकडा भव्य आहे. कलियुग ४,३२,००० वर्षांचं, द्वापर त्याच्या दुप्पट, त्रेता तिप्पट, कृत चौपट, चारी मिळून ४३,२०,०००, आणि अशी हजार महायुगं म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, ४३२ कोटी वर्षं. पृथ्वीचं वय सुमारे ४५४ कोटी धरतात, म्हणजे निदान मापाची जात तरी तीच आहे, आणि हे वाचताना मला नेहमी भरून येतं. पण कादंबरीत या आकड्याचा उपयोग नाही, कारण ४३२ कोटींची वाट बघणारं पात्र तुम्ही आणणार कुठून?

मी तुमच्या जागी असते तर बावन्न घेतलं असतं. मेक्सिकोच्या आझ्टेक लोकांची दोन कॅलेंडरं होती, एक ३६५ दिवसांचं आणि एक २६० दिवसांचं, आणि दोन्ही परत एका जागी यायला ५२ वर्षं लागायची. त्या रात्री जग संपू शकतं अशी त्यांची पक्की समजूत होती. सगळ्या घरातले विस्तव विझवायचे, भांडी फोडून टाकायची, सगळीकडे काळोख, आणि पुजारी डोंगरावर चढून बघत बसायचे की कृत्तिका मध्यरात्री डोक्यावरून पुढे सरकतात की नाही. सरकल्या की जग अजून ५२ वर्षं मिळालं. मग बळी दिलेल्या माणसाच्या छातीवर नवा अग्नी घुसळायचा (हे भयंकर आहे आणि ते भयंकर म्हणूनच लिहा, सजवू नका) आणि तिथून मशाली पेटवून घरोघर न्यायच्या. शेवटचा असा सोहळा १५०७ मध्ये झाला. १५१९ ला स्पॅनिश आले, १५२१ ला त्यांची राजधानी पडली. म्हणजे पुढची बावन्न वर्षं पूर्ण व्हायच्या आतच त्यांचं जग संपलं, आणि ते कृत्तिकांना विचारून संपलं नाही.

बावन्न वर्षं म्हणजे एखादा माणूस ही रात्र एकदा लहानपणी बघेल आणि नशीब असेल तर एकदा म्हातारपणी. आजी आणि नात, दोघी एका काळोखात बसल्यात, एकीला आठवतंय आणि एकीला काहीच माहीत नाही. तुमची कादंबरी इथून सुरू करा.

विज्ञानात असा विनाश-पुनर्जन्माचा फेरा खरोखर आहे का, की ही सगळी कल्पनाच?
– एक निवृत्त शिक्षक, औंध

सर, तुमच्या घराजवळच याचा अभ्यास झालाय. विद्यापीठाच्या आवारातलं आयुका, म्हणजे खगोलविज्ञानाची संशोधन संस्था, त्याचे संस्थापक संचालक जयंत नारळीकर, ते मे २०२५ मध्ये गेले. त्यांनी फ्रेड हॉइल आणि जेफ्री बर्बिज यांच्याबरोबर १९९३ मध्ये एक मांडणी केली की विश्वाला एकच एक सुरुवात नाही, ते आकुंचन-प्रसरण पावत राहतं आणि त्यात ठिकठिकाणी नवं द्रव्य जन्माला येत राहतं. बहुतेक शास्त्रज्ञ ही मांडणी मानत नाहीत, ते महास्फोटाच्या (बिग बँगच्या) बाजूचे आहेत आणि त्यांच्याकडे भक्कम पुरावे आहेत, हेही सांगायला हवं. पण सगळे एका बाजूला असताना आयुष्यभर दुसरा प्रश्न विचारत राहणं, आणि गणित मांडून विचारत राहणं, याचा मला फार आदर वाटतो.

पण लिहिणाऱ्यांसाठी मी आकाशापेक्षा पायाखाली बघा म्हणेन. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी या सगळ्या भागात जमिनीला भेगा पडून लाव्हा वाहिला, एकदा नाही, पुन्हा पुन्हा, थरावर थर. वेताळ टेकडी तोच दगड, सह्याद्री तोच दगड, आणि जंगली महाराज रस्त्यावरचं पाताळेश्वर आठव्या शतकात त्याच दगडात कोरून काढलंय. घाटात जिथे रस्त्यासाठी कडा कापलाय तिथे गाडी सुरक्षित जागी थांबवून बघा, काळ्या दगडाच्या दोन थरांमध्ये कधीकधी एक लाल पट्टा दिसतो. एक लाव्हा थंड झाल्यावर पुढचा यायच्या आत मध्ये इतका काळ गेला की दगडाची माती झाली, तो लाल पट्टा म्हणजे ती माती, आणि मग वरून पुढचा लोंढा आला आणि तिला भाजून गेला. पुराणात प्रलय आणि प्रलयाच्या मध्ये जो काळ सांगितलाय तो इथे बोटाने दाखवता येतो. आणि शेवटचा लाव्हा थांबल्यावर त्याच दगडाची झिजून देशावरची काळी माती झाली, जिच्यात आपली ज्वारी येते. कल्पनेला याहून जास्त काय लागतं?

राखाईवाली मैत्रीण माझ्याच ग्रुपमधली आहे, मी नेपथ्य-वेशभूषा करतोय. देवीला हात किती, शस्त्र कुठलं आणि आग कशी दाखवू? बजेट जवळजवळ नाहीच.
– एक विद्यार्थी, कर्वे रोड

हात दोनच. शस्त्र नको, सूप दे. शीतला देवी बघ, गाढवावर बसलेली, हातात केरसुणी, डोक्यावर सूप, म्हणजे घर झाडायचं आणि धान्य पाखडायचं सामान घेऊन ती निघालीये, आणि पिढ्यानपिढ्या लोक तिला त्रिशूळवाल्या देवांइतकेच घाबरलेत. सुपाचा आवाज अंधारात फार छान येतो, तालीम करून बघा, धान्य कमी होत गेलं की आवाज बदलतो.

आग दाखवूच नका. लाल-पिवळे लाइट आणि धूर सगळेच करतात. विष्णुपुराणात प्रलयाचं वर्णन आहे त्यात आगीच्या आधी शंभर वर्षांचा दुष्काळ आहे, पृथ्वी कासवाच्या पाठीसारखी कोरडी होते, आणि आगीच्या नंतर ढग येतात, कुणी लाखेच्या रंगाचे, कुणी चक्क गाढवाच्या रंगाचे. तुम्ही आधीचा दुष्काळ आणि नंतरचे गाढवाच्या रंगाचे ढग दाखवा, मधली आग प्रेक्षक स्वतः लावून घेतील. राखाडी कापड तुळशीबागेत किंवा रविवार पेठेत स्वस्त मिळेल, जुनी सुती लुगडी मिळाली तर त्याहून उत्तम. स्टेजवर खरी राख वापरू नका, पहिल्या रांगेतल्यांना आणि तुमच्याच नटांना खोकला येईल, गव्हाच्या कोंड्यात थोडी मुलतानी माती मिसळा. आणि सूप बांबूचं घ्या, प्लास्टिकचं नको, त्याला आवाज नाही.